एज ऑफ एम्पायर्स पंजाबीत?

आज मोहालीच्या ऑफिसात लंचला एकच विषय, एज ऑफ एम्पायर्स टू हा कॉम्प्युटर गेम म्हणे पंजाबीत येतंय! कंपनीकडून अधिकृत काहीच नाही, सगळी ऐकीव बातमी, पण बाजूच्या डेस्कवरचे पाजी इतके खुश की पराठा तसाच ठेवून गावाकडं भावाला फोन, कारण दोघं लहानपणी सायबर कॅफेत हाच गेम खेळायचे. खरं सांगू, मलाही लय भारी वाटलं. १९९९ला गेम आला तेव्हा खेळायला निवडता येतील अशा १३ संस्कृती होत्या, त्यात भारताची एकही नाही. इंडियन्स आले थेट २०१३ला, मग २०२२ला बंगाली, द्रविड, गुर्जर. द्रविडांच्या सैनिकावर क्लिक केलं की तो तमिळ बोलतो राव, पहिल्यांदा ऐकलं तेव्हा काटा आला होता अंगावर! डेफिनिटिव्ह एडिशन या गेमच्या नव्या आवृत्तीत मेनू हिंदीत आहेतच, मग पंजाबी का नको? फक्त करायचं तर नीट करा, इकडच्यांना गुरमुखी आणि लाहोरवाल्यांना शाहमुखी, दोन्ही लिप्या द्या, आणि आवाज गावाकडच्या माणसांचे घ्या. पाजींना म्हटलं, आलं की पहिली मॅच आपली, आणि मराठीत आलं तर सुट्टीच टाकणार मी.