कान भिंतीकडे

परवा दुपारी आईला शेजारी बसवून १९४७ चा एक चिनी सिनेमा पाहिला. 'ताइताइ वानस्वेई', म्हणजे 'बाईसाहेबांचा जयजयकार असो'. शांघायमधलं खातंपितं घर, सासूचा वाढदिवस, आणि मोलकरणीच्या हातून वाडगा फुटतो. सून सिझेन तुकडे चटकन लपवते. सणासुदीला फुटाफूट अशुभ ना! चिनी लोकांकडे यावर तोडगाही आहे म्हणा. 'फुटणं' आणि 'वर्ष' या दोन्ही शब्दांचा उच्चार 'स्वेई', म्हणून काही फुटलं की 'स्वेईस्वेई पिंगआन', वर्षानुवर्षं सुखरूप, म्हणायचं आणि मोकळं व्हायचं. सिझेन तेवढी जोखीम घेत नाही.

मी खालच्या ओळी वाचून दाखवायच्या आतच आई हसली.

आमच्याकडे निळ्या फुलांच्या सहा कपबश्या होत्या, फक्त पाहुण्यांसाठी. एकाचा कान आईच्या हातून तुटला. तिनं तो कप तुटकी बाजू भिंतीकडे करून शोकेसमध्ये ठेवून दिला. दोन-तीन वर्षं हा कारभार बिनबोभाट चालला. मग एकदा सहा पाहुणे आले, तेव्हा आजी माजघरातूनच म्हणाली, "पाचच काढ गं त्यातल्या. सहाव्यानं हात भाजेल कुणाचा तरी."

सिझेन खोटं बोलतच राहते. नवरा हाँगकाँगला जातो विमानानं, सासूला सांगते बोटीनं. नवऱ्याच्या धंद्याला भांडवल मिळावं म्हणून वडिलांना सांगते, सासूबाईंकडे सोन्याच्या विटा आहेत. धंदा चालतो, आणि नवरा मिमी नावाच्या बाईच्या नादी लागतो. पटकथा लिहिली तेव्हा लेखिका झांग आयलिंग सव्वीस-सत्तावीस वर्षांची होती. संसारातलं इतकं बारीक तिला कुठून कळलं कोण जाणे. घटस्फोटासाठी वकिलाकडे जाऊनही ती दोघं पुन्हा एक होतात, ते मला मुळीच पटलं नाही. आईचं लक्ष अजून बोटीवरच. "बरं केलं बोट सांगितली. म्हातारीला झोप लागली असती का?"

सिनेमा संपल्यावर नटांची माहिती शोधत बसले, तिथेच चुकलं. सिझेनचा म्हातारा बाप झालेला शी ह्वे तेव्हा जेमतेम बत्तिशीचा. १९५७ मध्ये कम्युनिस्ट राजवटीत त्याला उजव्या विचारांचा ठरवून झोडपलं आणि त्यानं जीव दिला. मिमी झालेली शांग्वान युनचू सांस्कृतिक क्रांतीतल्या छळानंतर १९६८ मध्ये इमारतीवरून उडी मारून गेली.

"काय गं, पुढे काय केलं त्या दोघांनी?" आईनं विचारलं.

"अजून पुष्कळ सिनेमे," मी म्हटलं.