ऑपरेटरचं लक्ष कुठं होतं?

इफ्फीचे, म्हणजे गोव्यातल्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवाचे, दिवस जवळ आले की पणजीत चहाच्या टेबलावर कोणी ना कोणी मला छेडतोच: "काय हो, मूकपटाच्या काळात थेटरात सिनेमा दाखवायचं मशीन चालवणाऱ्या ऑपरेटरला असं काय काम असायचं? आवाज नाही, काही नाही. नुसता दांडा फिरवायचा!"

तुम्ही विचारलंत म्हणून सांगतो. सगळी गंमत त्या दांड्यातच होती. पडद्यावरची माणसं किती वेगानं चालणार, हे ऑपरेटरच्या मनगटावर. सेकंदाला साधारण १६ चौकटी, म्हणजे मिनिटाला ६० फूट फिल्म. खाली पहिल्या रांगेत कोण बसलंय हे बघण्यात तो रमला, की पळणारा चोर रेंगाळायला लागायचा. घरी जायची घाई झाली, की प्रेतयात्रासुद्धा धावत सुटायची. जत्रेच्या नाटकात प्रॉम्प्टरनं दोन पानं एकदम उलटावीत, तशी गत.

त्याहून भारी प्रकार म्हणजे संपलेलं रीळ उलटं गुंडाळून न घेता तसंच चढवणं. मग माणसं नुसती मागं चालत नाहीत, डोकं खाली पाय वर करून मागं चालतात! कारण भिंग चित्र उलटं पाडतं, म्हणून फिल्म मशीनमध्ये उलटीच घालायची असते. शेपटीकडून घातली की चित्र सुलटं बसतं आणि पडद्यावर शीर्षासन. डुलकी मात्र परवडायची नाही. मशीनच्या दिव्यातल्या कार्बनच्या प्रखर ज्योतीपुढे ज्वालाग्राही नायट्रेटची फिल्म अडकली, तर पेटायला कितीसा वेळ!

आणि तरीही बस्टर कीटन या अमेरिकी विनोदी नट-दिग्दर्शकानं १९२४ साली 'शेरलॉक ज्युनियर' या मूकपटात ऑपरेटरला मशीनशेजारी खुशाल झोपवलं; ऑपरेटर झालाय तो स्वतःच. या पठ्ठ्याला व्हायचंय डिटेक्टिव्ह. स्वप्नात तो थेट पडद्यात शिरतो, पण पडद्यावरचे प्रसंग त्याच्यासाठी थांबत नाहीत. बागेतल्या बाकावर टेकायला जातो तोच दृश्य बदलतं आणि हा आदळतो भर रस्त्यात. समुद्रात सूर मारतो, तर खाली बर्फ. हे सगळं कॅमेऱ्याचं अंतर मोजून, कीटनला नेमका त्याच जागी उभा करून साधलंय. आजही मला तिथली जोडणी पकडता येत नाही.

मला स्वतःला शेवट जास्त आवडतो. जाग आल्यावर प्रेयसी केबिनमध्ये हजर. आता हिच्याशी वागायचं कसं? साहेब खिडकीतून पडद्यावरच्या नायकाकडे बघतात. त्यानं हात धरला, यानं धरला. त्यानं अंगठी घातली, यानंही घातली. पुढच्या दृश्यात नायकाच्या मांडीवर जुळी! ऑपरेटर डोकं खाजवत तसाच उभा.