तुम्ही विचारलंत म्हणून : बियाण्याचं मडकं

जुन्नर तालुक्यात बोरी नावाचं गाव आहे. तिथे कुकडी नदीच्या दरडीत पांढुरक्या मातीचा एक थर दिसतो. बोटांत चोळला तर मैद्यासारखा लागतो, भिंगाखाली धरला तर काचेचे बारीक तुकडे चमकतात. ही ज्वालामुखीची राख आहे आणि ती आलीय सुमात्रा बेटावरच्या टोबाहून. मी तीसेक वर्षं भूशास्त्र शिकवलं. दरवर्षी पोरांना तिथे न्यायचे, निवृत्त झाल्यावरही कोणी बोलावलं की जाते. राख दाखवून झाली की माझं बोलणं हमखास घसरतं : माणूस नावाची जातच संपू शकते का, आणि ते होऊ नये म्हणून आज काही करावं का. मग वडापावचे पुडे सुटेपर्यंत कोणीतरी विचारतंच. शब्द बदलतात, प्रश्न तोच असतो. "मॅडम, इथे पोरं कुपोषणाने जातात, शेतकरी गळ्याला फास लावतो, आणि तुम्हाला त्या लाखो वर्षांत एकदा येणाऱ्या प्रलयाचं काय पडलंय? हे पोट भरलेल्यांचे चाळे नाहीत का?"

नदीकाठी उन्हात उभं राहून याचं उत्तर नीट देता येत नाही. शिवाय विचारणाऱ्याचा अर्धा मुद्दा मला मान्य असतो. म्हणून इथे सावकाश सांगते.

१९८४ मध्ये डेरेक पारफिट या इंग्रज तत्त्वज्ञाने तीन शक्यता शेजारी-शेजारी मांडल्या. पहिली, जगात शांतता. दुसरी, अणुयुद्ध होतं आणि शंभरातली नव्याण्णव माणसं मरतात. तिसरी, शंभरच्या शंभर मरतात. यांतलं मोठं अंतर कुठलं? बहुतेक लोक म्हणतील, पहिल्या-दुसऱ्यातलं. पारफिट म्हणाला, नाही, दुसऱ्या-तिसऱ्यातलं, आणि ते कितीतरी मोठं आहे. मी पहिल्यांदा हे वाचलं तेव्हा मला रागच आला होता. नव्याण्णव टक्के माणसं मेली आणि हा माणूस उरलेल्या एका टक्क्यावर अडून बसलाय! पण हिशोब करून बघा. आजच्या लोकसंख्येतला एक टक्का म्हणजे आठ कोटी. महाराष्ट्रात आहेत त्याहूनही कमी माणसं. पण त्यांच्याबरोबर पेरणी उरेल, लिपी उरेल, बाळंतपण करणारे हात उरतील, ओव्या उरतील. चार-पाच हजार वर्षांत ती पुन्हा कुठल्या कुठे जातील. शंभरच्या शंभर गेली तर पुढे काहीच नाही, आणि 'काही नाही' हे सांगायलाही कोणी नाही.

पुढे २००२ मध्ये निक बोस्ट्रम या मूळच्या स्वीडिश तत्त्वज्ञाने याचा एक नियम केला. त्याचं नाव काहीसं खेळण्यातल्या गाडीसारखं आहे, मॅक्सिपोक. अर्थ असा : जगाचं भलं करायला निघालात की आधी एवढं बघा, शेवट 'ठीक' होण्याची शक्यता तुमच्या कामाने वाढते का? ठीक म्हणजे उत्तम नव्हे, सुखी नव्हे. ज्यातून पुन्हा उभं राहताच येणार नाही असं काही घडलं नाही, की झालं ठीक. त्यात फक्त सगळे मरणं येत नाही. सगळे जिवंत आहेत पण कायमचे, सुटकेची आशा नसलेल्या जुलमाखाली अडकले, तर तेही तो त्यातच धरतो. मराठीत याला मी 'निभावाचा नियम' म्हणते. आपल्याकडे म्हणतातच ना, "कसंय?" "निभावलं." बोस्ट्रम स्वतः या नियमाला ठोकताळा म्हणतो, सर्वांवर सर्वकाळ लागू असलेला कायदा म्हणत नाही. ही गोष्ट त्याचे भक्त विसरतात आणि टीकाकारही.

मला हा नियम पुस्तकात भेटण्याआधी घरात भेटला होता.

१९७२ च्या दुष्काळात मी अकरा वर्षांची होते. आई-वडील खडी फोडायच्या कामावर जायचे. रेशनवर लाल मिलो, म्हणजे परदेशी ज्वारी, मिळायची, खडीच्या कामावर सुकडी. मिलोच्या भाकरीचा वास अजून नाकात आहे, तो काही सुखाचा नाही. घरात एका कोपऱ्यात, उतरंडीच्या पलीकडे, बियाण्याच्या बाजरीचं मडकं होतं. चांगली टपोरी कणसं निवडून, मळून, राख लावून ठेवलेलं बी, तोंड शेणाने लिंपलेलं. आम्ही भावंडं उपाशी झोपलो त्या रात्रीही ते मडकं तिथेच होतं आणि आजीने त्याला हात लावला नाही. कोणी तसं सुचवलंही नाही. उपास पडले तर माणूस वाळतं, पण बी खाल्लं तर पुढच्या वर्षी आभाळ फाटून पाऊस आला तरी रानात काय टाकायचं? वाईट वर्ष वेगळं आणि शेवटचं वर्ष वेगळं. मॅक्सिपोक म्हणजे जवळपास एवढंच.

(आजीच्या मडक्यातली राख चुलीतली आणि कुकडीकाठची ज्वालामुखीची, दोन्हींचा एकमेकींशी काही संबंध नाही. मास्तरकी केलेली असल्यामुळे हे सांगितल्याशिवाय राहवत नाही.)

त्याच उन्हाळ्यात शेजारच्या सुनेला दिवस भरले. ती बाळंत झाली तेव्हा तिच्या अंगात रक्त नव्हतं आणि घरात दाणा नव्हता. आजीने शेण खरवडलं, मडक्यातून मापटंभर बाजरी काढली, पुन्हा लिंपलं. आजोबा दोन दिवस बोलले नाहीत तिच्याशी. तिसऱ्या दिवशी काहीतरी बोलले असावेत, कारण मी तिचं उत्तर ऐकलं. "मापटं काढलंय, मडकं न्हाय फोडलं."

मला विचाराल तर सगळा वाद या एका वाक्याभोवती फिरतो. नियम मानणाऱ्यांतल्या कडव्यांना वाटतं, मापटंसुद्धा काढायचं नाही. प्रश्न विचारणाऱ्यांना वाटतं, मडकं सांभाळतो तो शेजारणीला उपाशी ठेवणारच. दोघांनीही कधी बियाणं सांभाळलेलं नसतं.

आता टोबा. तिथला सगळ्यात अलीकडचा महाउद्रेक ७४,००० वर्षांपूर्वीच्या सुमाराचा. आज तिथे शंभर किलोमीटर लांबीचं तळं आहे, त्यावरून भोक केवढं पडलं असेल याचा अंदाज करा. १९९८ मध्ये अशी मांडणी झाली की या उद्रेकानंतरच्या थंडीत माणसाची संख्या काही हजारांवर आली, आपण जेमतेम वाचलो. ऐकायला भारी वाटते, व्याख्यानात टाळ्या घेते, मीही बरीच वर्षं सांगितली. मग आंध्रात ज्वालापुरमला उत्खनन झालं. तिथे याच राखेचा थर आहे, आणि थराखालची दगडी हत्यारं आणि थरावरची हत्यारं यांत फारसा फरक नाही, असं २००७ मध्ये प्रसिद्ध झालं. म्हणजे राख पडली आणि लोक आपले पुन्हा दगड घडवायला बसले. बोरीची राख तर याच उद्रेकाची की टोबाच्याच त्याहून कितीतरी जुन्या उद्रेकाची, यावरही अभ्यासकांचं एकमत नाही. मी आता पोरांना दोन्ही बाजू सांगते. टाळ्या कमी पडतात.

पण त्यातून एक गोष्ट शिकले. निसर्ग माणसाला मारायला फारसा उत्सुक नाही. आपली जात दोन-तीन लाख वर्षं टिकलीय, तेव्हा निव्वळ नैसर्गिक कारणाने एका शतकात संपण्याची शक्यता अगदीच बारीक असणार. टोबी ऑर्ड या ऑक्सफर्डच्या तत्त्वज्ञाने ती दहा हजारांत एक धरली. आणि सगळे धोके मिळून या शतकासाठी त्याचा आकडा आहे सहात एक. मधला सगळा फरक माणसाच्या करणीचा : अण्वस्त्रं, प्रयोगशाळेत घडवलेले रोगजंतू, आपल्याहून हुशार होऊन हाताबाहेर जाणारी यंत्रं. सहात एक हा आकडा मोजलेला नाही, अंदाजलेला आहे, आणि माझा त्यावर विश्वास नाही. पण तो साठात एक असला तरी? साठ एसट्यांतली एक दरीत जाणार असं कळलं तर तुम्ही नातवाला बसवाल?

तेव्हा 'लाखो वर्षांत एकदा येणारा प्रलय' हे प्रश्नातले शब्दच मला मान्य नाहीत. माझी चिंता उल्केची नाही. उलट उल्का हे या नियमाचं सगळ्यात शहाणं उदाहरण आहे, आणि बुलढाण्यातल्या लोणारच्या काठावर उभं राहिलेल्या माणसाला ते जास्त सांगावं लागू नये. पावणेदोन-दोन किलोमीटर रुंदीचं ते विवर आपल्या काळ्या कातळात एका धोंड्याने क्षणात पाडलं. १९९८ मध्ये अमेरिकेच्या काँग्रेसने नासाला सांगितलं, पृथ्वीजवळून जाणारे एक किलोमीटरहून मोठे जे लघुग्रह आहेत त्यांतले नव्वद टक्के शोधा. दहा वर्षांची मुदत होती, थोडी लांबली, पण काम झालं. त्यांतला एकही नजीकच्या काळात आपल्यावर येत नाहीये. मग २६ सप्टेंबर २०२२ ला डार्ट नावाचं यान एका लघुग्रहाभोवती फिरणाऱ्या डायमॉर्फस या छोट्या चंद्रावर मुद्दाम आदळवलं आणि त्याची प्रदक्षिणा बत्तीस मिनिटांनी कमी झाली. कोणाच्या तोंडचा घास काढावा लागला नाही. कोणाचं स्वातंत्र्य गेलं नाही. काम झालं की नाही हे घड्याळ लावून तपासता आलं. मी ज्याला मडक्याचं तोंड लिंपणं म्हणते ते हे.

आणि जिथे लिंपायला हवं तिथे काय आहे? जैविक अस्त्रांवर बंदी घालणारा जागतिक करार १९७५ पासून लागू आहे. त्याचं कामकाज बघणारं कायमचं कार्यालय बरीच वर्षं तीन-चार माणसांवर चाललं. ऑर्डने २०२० मध्ये दाखवून दिलं की त्याचा वर्षाचा खर्च मॅकडोनाल्डच्या एका सर्वसाधारण दुकानापेक्षा कमी आहे. कुपोषणाचा पैसा प्रलयाकडे वळवू नका, असं मला सांगता तेव्हा हे लक्षात घ्या. तिकडे वळलेला पैसा आहेच कुठे? बर्गरचा पैसा वळवा म्हणते मी.

आता प्रश्न विचारणाऱ्याच्या बाजूने बोलते, कारण इथे माझं आणि या नियमाचं फाटतं.

बोस्ट्रमचा एक हिशोब असा. पृथ्वी आणखी शंभर कोटी वर्षं राहण्याजोगी राहिली, तिच्यावर एका वेळी शंभर कोटी माणसं सुखाने राहिली आणि प्रत्येकाने शंभर वर्षं काढली, तर एकावर सोळा शून्यं इतकी माणसं अजून जन्मायची आहेत. गणित बरोबर आहे. पण एवढी मोठी संख्या एका तागडीत टाकली की दुसऱ्या तागडीत काहीही टाका, काटा हलत नाही. दुष्काळ टाका, भोपाळ टाका, आख्खं शतक टाका. ज्या तराजूचा काटा हलत नाही त्याला आमच्या आळेफाट्याच्या बाजारात तराजू म्हणत नाहीत. या संख्येचा आधार घेऊन जो बोलतो, त्याच्यापासून मी दोन पावलं लांब उभी राहते.

दुसरं, सत्ता. २०१९ च्या एका निबंधात बोस्ट्रमने असंही मांडून पाहिलं की उद्या कोणालाही घरबसल्या शहर उडवता येईल असं तंत्र निघालं, तर ते थांबवायला प्रत्येक माणसावर अखंड नजर ठेवणारी यंत्रणा लागेल. तो त्याची शिफारस करत नाही, तपासून बघतो, हे खरं. पण आमच्या पिढीने आणीबाणी पाहिलीय. 'सर्वांच्या सुरक्षेसाठी' हे शब्द कोणाच्या तोंडून कसे येतात ते ठाऊक आहे. मडकं राखायला म्हणून घरात शिरलेला राखणदार उद्या चुलीवरही बसतो. आणि कायमचा जुलूम हाही न निभावण्याचाच एक प्रकार, हे तर त्यानेच लिहून ठेवलंय.

तिसरं, पैसा. हल्लीची हुशार मुलं विचारतात, "म्हणजे तुम्ही त्या सॅम बँकमन-फ्रीडच्या गोतावळ्यातल्या का?" नाही हो. भविष्यातल्या माणसांच्या नावाने दानाचा गाजावाजा करणारा हा तरुण, नोव्हेंबर २०२२ मध्ये त्याचा एफटीएक्स हा कूटचलनाचा बाजार कोसळला, ठेवीदारांचे पैसे त्याने परस्पर वापरल्याचं कोर्टात सिद्ध झालं, २०२४ मध्ये पंचवीस वर्षांची शिक्षा झाली. नियम खोटा ठरला असं मी म्हणत नाही. देवळाच्या वर्गणीतही लोक पैसे खातात. पण ज्याचं फळ बघायला कोणी जिवंत नसणार अशा कामात लबाडी लपायला जागा जास्त, हे मान्य करायलाच हवं.

म्हणून मी नियम पाळते तो असा : ज्यातून परत येता येत नाही, त्याचा हक्क पहिला. पण पहिला हक्क म्हणजे सगळा हक्क नव्हे. काम तपासता येतं का, ते करताना कोणावर जबरदस्ती होते का, हे आधी विचारते. दोन्हींची उत्तरं बरी आली तर पैसे देते, नाहीतर नाही.

यावर शेवटचा प्रश्न नेहमी तोच, "मग तुम्ही स्वतः किती देता?" सांगते. दर महिन्याला पेन्शनमधून दानासाठी जे काढते त्यातल्या दहा रुपयांतले सात गावाकडच्या मुलींच्या वसतिगृहाला जातात आणि तीन साथीचे रोग वेळीच ओळखण्याचं काम करणाऱ्या लोकांना. गेल्या डिसेंबरात बोरीला एका मुलाने हे ऐकलं आणि वहीच्या पाठीमागे आकडेमोड करून आणून दाखवली. नियम पहिला म्हणता, मग सात आणि तीन उलटे हवेत, मॅडम. मी चष्मा लावून दोनदा वाचलं. त्याच्या गणितात मला चूक सापडली नाही. वही परत दिली, म्हटलं, विचार करते.

जानेवारीत सात आणि तीनच पाठवले.