स्टेडियमसाठी जमीन जात असेल तर सही करण्याआधी हे वाचा

आमचं काजूचं भाट, म्हणजे बाग, गोव्यात पेडणे तालुक्यात. 2009 मध्ये नोटीस आली की क्रीडा प्रकल्पासाठी जमीन हवी, आणि गावाचे दोन तट पडले. पोरांना ग्राउंड हवं होतं, आणि खरंच हवं होतं, बिचारी भात कापल्यावर मळणीच्या शेतात फुटबॉल खेळायची. पण भाटं आमची जाणार होती. बाबा आणि चुलतकाका दोन वर्षं चवथीला एकमेकांकडे गेले नाहीत.

1894च्या भूसंपादन कायद्याच्या कलम 5अ खाली हरकत घेतली, 30 दिवसांची मुदत होती, सुनावणी पाच मिनिटांत आटोपली. मग माणसं येऊन झाडांवर लाल रंगाने नंबर टाकून गेली, बाबा त्यांच्या मागोमाग वही घेऊन फिरले, आमच्या वहीत काजू 62 आणि त्यांच्या यादीत 47!

पैसे घ्यायला गेलो तेव्हा क्लार्कने पावती पुढे सरकवली, म्हणाला चेक तयार आहे, इथे सही करा. आदल्या रात्रीच वकीलबाईंनी फोनवर बजावलं होतं म्हणून सहीच्या वर ‘अंडर प्रोटेस्ट’, म्हणजे हरकत राखून, असं लिहिलं. हे लिहिलं नाही तर 1894च्या कायद्यात कलम 18चा वाढीव भरपाईचा अर्ज करता येत नव्हता, आणि त्या अर्जाला अवॉर्डच्या, म्हणजे भरपाईच्या निवाड्याच्या, वेळी हजर असाल तर सहाच आठवडे मिळायचे. 2014 पासूनच्या नव्या कायद्यातही (तिथे ते कलम 64) प्रोटेस्टची अट आहेच. काकांना हे कोणी सांगितलंच नाही, त्यांनी नुसती सही केली.

केस चालू असतानाच 2014 ला गोव्यात लुसोफोनिया गेम्स (पोर्तुगीज भाषक देशांच्या क्रीडा स्पर्धा) झाले, गोव्याला द्यायची म्हणून ठरलेली 36वी राष्ट्रीय क्रीडा स्पर्धा 2022 मध्ये गुजरातला झाली, 37वी 2023 ला इथे झाली. आमच्या भाटात अजून गवतच आहे, पोरं अजून शेतातच खेळतात, मला याचंच सगळ्यात वाईट वाटतं.

निकाल लागला तेव्हा बाबा नव्हते. शेजारच्या जमिनीचं जुनं विक्रीखत आणि बाबांची वही कोर्टाने धरली, दर वाढला, वर व्याज, पहिल्या वर्षी 9 टक्के आणि पुढे 15. पण त्याच नोटिफिकेशनमधल्या बाकीच्यांना तोच वाढीव दर मागायला त्याच जुन्या कायद्यात कलम 28अ आहे, कोर्टाच्या निकालापासून तीन महिन्यांत अर्ज करायचा, हे वकीलबाईंनी सांगितलं तसा त्याच संध्याकाळी काकांकडे गेलो, त्यांच्या जमिनीच्या नोंदीचा एक-चौदाचा उतारा काढला आणि परवा अर्ज देऊन पोचपावती घेतली. येताना काकी म्हणाल्या, यंदा चवथीला या.