तळ्यातलं विशेषण

इंग्रजीत नाम घरचं आणि विशेषण बाहेरून आणलेलं, असा एक जुना रिवाज आहे. दुखतो तो ‘टूथ’, पण दवाखाना ‘डेंटल’. आकाशात ‘मून’ उगवतो, पण कॅलेंडर ‘ल्युनर’. गोठ्यातली ‘काऊ’ पशुवैद्याच्या कागदावर चढली की ‘बोव्हाइन’ होते. याच न्यायाने ‘लेक’चं विशेषण ‘लेकी’ होत नाही. बरंच झालं म्हणा. ठाण्याच्या ‘सिटी ऑफ लेक्स’ या इंग्रजी बिरुदात ‘लेकी’ आलं असतं, तर लोकांना तलावांऐवजी दिवाळीला माहेरी आलेल्या मुली आठवल्या असत्या. लेकचं विशेषण होतं ‘लॅकस्ट्राइन’. कुणी शेवटी ‘स्ट्रिन’ म्हणतं, कुणी ‘स्ट्राइन’, आणि बहुतेक लोक जन्मात एकदाही काहीच म्हणत नाहीत.

आमच्या मजल्यावरची एक मुलगी भूशास्त्र शिकते. लिफ्टची वाट बघताना तिने विचारलं, “काका, लॅकस्ट्राइनला मराठीत काय म्हणायचं? आजी रोज विचारते, कसला प्रोजेक्ट करतेस म्हणून.”

“तळ्यातलं,” मी म्हटलं.

“तळ्यातलं की तळ्याकाठचं?”

“तुझं काय आहे? मासा की झाड?”

“दगड आहे. आणि तळं आता नाहीच आहे. गाळाचा दगड झालाय.”

“मग तळ्याचा.”

लिफ्ट आली, ती गेली, आणि तिचा प्रश्न माझ्याकडेच राहिला. इंग्रजी माणूस एक लॅकस्ट्राइन टाकून मोकळा होतो. मासा लॅकस्ट्राइन, काठावरचा बगळा लॅकस्ट्राइन, तळाचा गाळही लॅकस्ट्राइन. मराठीत मात्र आधी सांगावं लागतं, बाबा, तू नक्की कुठे आहेस? आत आहेस, काठावर आहेस, की तळ्यातून निपजला आहेस? ‘तला’, ‘काठचा’ आणि ‘चा’ यांतून एक निवडल्याशिवाय आपलं वाक्य पुढे सरकत नाही. ‘तळ्यात-मळ्यात’ खेळत वाढलेल्या लोकांना हे वेगळं शिकवावं लागत नाही. तिथे चुकीच्या जागी पाय पडला की माणूस बाद.

शब्दकोशात ‘सरोवरी’ किंवा ‘सरोवरीय’ सापडतं. पाठ्यपुस्तकात ते शोभतं. पण सरोवर म्हटलं की डोळ्यांसमोर राजहंस येतात. महापालिकेच्या समोरच्या कचराळी तलावाला सरोवर म्हणायला माझी जीभ रेटत नाही, आणि तिथे सकाळी फेऱ्या मारणाऱ्यांना ‘सरोवरीय नागरिक’ म्हटलं तर ते चालायचे थांबतील.

मूळ लॅटिन शब्द ‘लाकुस’. इंग्रजी लेकही त्याच्याच घरचा, फक्त फ्रेंचांच्या दारातून आलेला. मला आवडलं ते हे की लाकुस म्हणजे नुसतं सरोवर नव्हे. हौद, टाकं, कुंड, बांधीव पाणवठा हे सगळं लाकुसच. रोममध्ये जलवाहिन्यांनी आणलेलं पाणी चौकाचौकांतल्या ज्या हौदांत पडायचं आणि जिथून बायाबापड्या घडे भरून न्यायच्या, तेही लाकुस. हे कळल्यावर मला त्या शब्दाबद्दल एकदम आपुलकी वाटली. लॅकस्ट्राइनच्या पोटात रोमचा सार्वजनिक हौद असेल, तर ठाण्याला तो परका कसा?

हा शब्द इंग्रजीत रुळवला तो मुख्यतः एकोणिसाव्या शतकातल्या भूशास्त्रज्ञांनी. चार्ल्स लायेल यांच्या 1830 सालापासून निघालेल्या ग्रंथखंडांत तो जागोजागी भेटतो. त्यांना त्याची निकड होती. नदीचा गाळ वेगळा, समुद्राचा वेगळा आणि तळ्याचा वेगळा. नदीला घाई असते, ती वाळू आणि गोटे ओढत नेते. तळ्यात पाणी थांबतं, म्हणून अगदी बारीक चिखलही सावकाश खाली बसतो, पातळ पापुद्रा धरतो. त्यावर दुसरा, त्यावर तिसरा. मध्ये एखादं पान पडलं, बेडूक मेला, तर तोही त्या पापुद्र्यांत नीट मिटून ठेवला जातो.

बेडूक उगीच म्हटलं नाही. दख्खनचा लाव्हा एका दमात वाहून संपला नाही. दोन उद्रेकांच्या मधल्या शांत काळात खोलगट जागी पाणी साचे, तळी होत, त्यांत गाळ बसे, आणि मग पुढचा लाव्हा येऊन सगळं झाकून टाके. मुंबईत वरळीच्या टेकडीत असा गाळाचा थर दगड होऊन राहिलेला सापडला आणि त्यात चिमुकल्या बेडकांचे सांगाडे. रिचर्ड ओवेन यांनी 1847 साली त्यांचं वर्णन केलं. ‘डायनोसॉर’ हे नाव घडवणारे ते हेच. आज शास्त्रात तो बेडूक ‘इंडोबॅट्रेकस पुसिलस’ म्हणून ओळखला जातो. वय सहा कोटी वर्षांहून जास्त. वरळीतल्या जागांचे भाव बघता, तिथला सर्वांत जुना रहिवासी तळ्यातला बेडूक निघावा आणि त्याला जागा फुकट मिळालेली असावी, याचा मला फार आनंद होतो.

माणसांनाही हे विशेषण लागलं. 1854 च्या सुमारास स्वित्झर्लंडमध्ये झुरिक तलावाचं पाणी खूप उतरलं आणि काठच्या चिखलात लाकडी खांबांच्या रांगा उघड्या पडल्या. फर्डिनांड केलर यांनी ती तळ्यावरची प्राचीन वस्ती असल्याचं ओळखलं, आणि तिथल्या लोकांना लॅकस्ट्राइन म्हणायची पद्धत पडली. आल्प्सच्या आसपासच्या अशा 111 जागा 2011 पासून जागतिक वारशात आहेत.

मग ठाणेकर लॅकस्ट्राइन का? इंग्रजी कोश ‘हो’ म्हणेल. काठी राहणं त्याला पुरतं. मराठी मात्र ‘काठचे’ म्हणून आपल्याला तिथेच रोखते, आणि ते खरंही आहे. ठाणेकर तळ्यात उतरत नाही. फार तर शहरातल्या मासुंदा तलावावर होडीत बसतो, तेही पाहुणे आले की. बाकी सगळं काठावर. दिवाळी पहाटेला नवे कपडे घालून लोटलेली तरुण गर्दी काठावर, रात्री आइस्क्रीम खाणारी कुटुंबं काठावर, कोपिनेश्वराच्या दर्शनाला आलेले काठावर, नाटकाच्या मध्यंतरात पाय मोकळे करणारेही काठावर. 1978 पासून तलावपाळीला, म्हणजे मासुंद्याच्याच काठाला, गडकरी रंगायतन हे नाट्यगृह उभं आहे. मराठीला ‘तळी’पासून सुरू होणारा एकच ठसठशीत माणूस मिळाला तो गडकऱ्यांच्याच नाटकातून, म्हणजे तळीराम. आणि तो डुंबत होता ते द्रव्य वेगळंच होतं.

तज्ज्ञांचं मापही आपल्याला जड जातं. अमेरिकेच्या वन्यजीव खात्याने 1979 साली पाणथळ जागांचं वर्गीकरण छापलं. त्यात लॅकस्ट्राइन म्हणवून घ्यायला साधारण आठ हेक्टर, म्हणजे वीस एकर, पसारा लागतो. त्याहून लहान असेल तर पाणी दोन मीटरपेक्षा खोल असलं, किंवा लाटांनी घडवलेला काठ असला, तरच सवलत. नाहीतर तुमची रवानगी ‘पॅलस्ट्राइन’मध्ये, म्हणजे दलदलीच्या खात्यात. ठाण्यातली बहुतेक तळी क्षेत्रफळात नापास होतील, काही खोलीच्या ग्रेस मार्कांवर सुटतील. पूर्वी इथे साठ तळी होती असं जुने लोक सांगतात. आता त्याच्या निम्म्याच्या आसपास उरली आहेत. बाकीच्यांना कुठल्या खात्यात टाकायचं, ते बिल्डरांना विचारावं लागेल.

फ्लेमिंगोंचं प्रकरण याहून मजेचं. ठाणे खाडीला 2022 साली रामसर यादीत, म्हणजे महत्त्वाच्या पाणथळ जागांच्या आंतरराष्ट्रीय यादीत, जागा मिळाली. खाडी म्हणजे ‘एस्ट्युराइन’, तिथे गोडं पाणी खारं होत जातं. ओहोटीला हे पक्षी खाडीच्या चिखलात चरतात. भरती आली, चिखल बुडाला, की उठून नेरुळच्या डीपीएस तळ्यासारख्या जागी येऊन एका पायावर उभे राहतात. म्हणजे एकच पक्षी सहा तास खाडीतला आणि सहा तास तळ्यातला. विशेषणाने भरतीचं वेळापत्रक बघून कपडे बदलावेत तसं.

पण खरी गंमत संस्कृतने करून ठेवली आहे, आणि ती कळल्यावर मी लॅकस्ट्राइनचा नाद थोडा सोडला. ‘सरस्’ म्हणजे तळं. त्याचं विशेषण ‘सारस’, तळ्याचं, तळ्यातलं. इतका सोपा, दोन टप्प्यांचा शब्द आपल्याकडे होता. मग तो गेला कुठे? उडून गेला. उंच मानेच्या, तांबड्या डोक्याच्या त्या पक्ष्याने तो आपल्या नावावर करून घेतला, आणि आता सारस म्हटलं की आपल्याला गोंदियाच्या भातखाचरांत जोडीने फिरणारा पक्षीच दिसतो. इंग्रजांनीही त्याचं ‘सॅरस’ केलं आणि पुढे ‘क्रेन’ जोडलं. पुण्याच्या सारसबागेत तरी विशेषण जागेवर राहिलं म्हणायचं. पेशव्यांनी पर्वतीच्या पायथ्याशी तळं खोदवलं, मध्ये बेट ठेवलं, त्यावर बाग आणि गणपती. पुढे तळं गेलं. गणपतीला पुणेकर अजून तळ्यातलाच म्हणतात.

सुश्रुतसंहितेत पाण्याचे प्रकार सांगताना हे विशेषण अगदी कामावर रुजू झालेलं दिसतं. विहिरीचं पाणी कौप, नदीचं नादेय, नैसर्गिक तळ्याचं सारस आणि बांधलेल्या तलावाचं ताडाग. वैद्याला फरक पडत होता, म्हणून शब्द दोन. लॅटिन लाकुसने जो हौद आणि जे सरोवर एकत्र केलं होतं, ते सुश्रुताने वेगळं करून ठेवलं. आणि या हिशेबाने मासुंदा ताडागच ठरतो. पुरावा नावातच आहे. ‘तलावपाळी’तली पाळ म्हणजे बांध. निसर्ग पाळ घालत बसत नाही, ती माणसांनी घातली.

गणपतीत विसर्जनासाठी आपण तलावाच्या बाजूला ‘कृत्रिम तलाव’ करतो. जुना तो खरा, नवा तो कृत्रिम, असं समजून लोक मोठ्या भक्तिभावाने रांग लावतात. दोन्ही ताडागच. एकाला वय आहे, दुसऱ्याला ताडपत्री.

हे सगळं डोक्यात असताना आमच्या सोसायटीची सभा निघाली. इमारत पुनर्विकासाला जायची आहे, नाव ठरवायचं होतं. बिल्डरच्या यादीत लेक व्ह्यू, लेकसाइड, लेक क्रेस्ट अशी रांग. तलाव आमच्या गच्चीतून दिसायचा, पण समोरचा टॉवर झाल्यापासून तोही दिसत नाही. मी ‘ताडाग’ सुचवलं. दोन मिनिटं कुणी बोललं नाही.

“ताडीसारखं वाटतंय हो,” सेक्रेटरी म्हणाले.

“संस्कृत आहे.”

“असेल. पण मुलीकडचे लोक पत्ता वाचून काय म्हणतील?”

मग मी ‘सारस’ पुढे केलं. त्याला बरीच मान डोलली. तळमजल्यावरच्या आजोबांनी मात्र हात वर केला. त्यांचं म्हणणं, आपण ठाण्यात राहतो, पुण्यातल्या बागेचं नाव आपण काय म्हणून घ्यायचं? त्यावर पुणेकर सुनेने उत्तर दिलं, तिला डोंबिवलीकरांनी उत्तर दिलं, आणि पार्किंगचा विषय राहूनच गेला. इतिवृत्तात नोंद झाली आहे: इमारतीच्या नावाबाबत पुढील सभेत निर्णय घ्यावा, तोपर्यंत ‘ए विंग’ म्हणावे.