लाल ठिपक्यावर ट्रॉली

"जरा सरकता का? तुम्ही सेंटर आइसवर उभ्या आहात."

लॉब्लॉज या किराणा दुकानात छोल्यांचा डबा शोधत होते, तर एक आजोबा मागून हे बोलले. खाली बघितलं तर खरंच, ट्रॉलीच्या चाकाशी फरशीवर लाल ठिपका. त्यांना नातवाचा तिथे फोटो काढायचा होता.

टोरंटोचं हे मेपल लीफ गार्डन्स, एकेकाळचं आइस हॉकीचं स्टेडियम. लाल ठिपका म्हणजे त्या बर्फाच्या मैदानाचा मध्य, सेंटर आइस. १९३१ मध्ये, ऐन मंदीत, जेमतेम पाच-सहा महिन्यांत उभं राहिलं. पैसे कमी पडले म्हणून कामगारांनी मजुरीचा काही भाग शेअर्समध्ये घेतला. (आपल्याकडच्या ठेकेदाराला सुचवून बघा!) लीफ्स, म्हणजे टोरंटोचा हॉकी संघ, इथे १९९९ पर्यंत खेळले. त्यांचा शेवटचा स्टॅनली कप (हॉकी लीगचा करंडक) १९६७ चा, पण तो विषय आजोबांसमोर काढायचा नसतो.

२०११ पासून खाली किराणा. वरच्या मजल्यावर विद्यापीठाची रिंक आहे, म्हणजे बर्फ अजून आहेच.

"वडील मला इथे आणायचे," आजोबा म्हणाले. "आता बायको आणते, दूध घ्यायला."

पाडून टॉवर बांधण्यापेक्षा हे बरंच, असं माझं मत. त्यांना ते फारसं पटलेलं दिसलं नाही.

तुमच्या गावच्या बंद पडलेल्या टॉकीजचं काय झालं हो? गोडाऊन, मंगल कार्यालय, की नुसतंच कुलूप?