बाँडच्या मागावर उदयपूर: ठाण्याहून जाणाऱ्यांसाठी

उदयपूरला निघालेल्या ठाणेकराने दोन कामं आधी उरकावीत. परतीचं तिकीट काढावं आणि ‘ऑक्टोपसी’ पाहून घ्यावा. १९८३ सालचा हा बाँडपट पाहून गेलात, तर तिथल्या पिछोला तळ्याच्या काठावरची निम्मी ठिकाणं कोणी दाखवावी लागत नाहीत. अख्खा पाहायचा कंटाळा असेल तर बाँड झालेला रॉजर मूर भारतात उतरतो तिथपासून ऑक्टोपसीच्या महालावरच्या हल्ल्यापर्यंतचा भाग पुरे. मग गोष्ट जर्मनीत जाते आणि शेवटाला पुन्हा इकडे येते.

आमच्या घरात या सिनेमाचे भक्त म्हणजे माझे सासरे, अण्णा. नौपाड्यात चाळीतली मंडळी वर्गणी काढून व्हीसीआर भाड्याने आणत आणि रात्रभर सिनेमे बघत, त्या काळातलं हे वेड. टेनिसपटू विजय अमृतराज रॅकेटने गुंडांना झोडपतो आणि बघ्यांच्या माना मॅच बघितल्यासारख्या इकडून तिकडे वळतात, हा प्रसंग ते आजही अभिनयासकट सांगतात. सासूबाईंचं उदयपूर वेगळं, ‘मेरा साया’तल्या साधनाचं. दोघांनाही एकाच सहलीत खूश ठेवायचं होतं.

वांद्रे टर्मिनसहून उदयपूरला थेट गाडी आहे, पण रोज नाही. वार बघूनच रजा टाका आणि जाण्याच्या आधी येण्याचं आरक्षण बघा, कारण सुट्ट्यांच्या दिवसांत परतीची प्रतीक्षा यादी हलता हलत नाही. ठाण्याहून बॅगा घेऊन वांद्रे टर्मिनस गाठण्यात काही अर्थ नाही, बोरिवलीला चढा. फक्त घोडबंदर रस्त्यावर विश्वास ठेवू नका. गायमुखला ट्रकांची रांग लागली की रिक्षावाला इंजिन बंद करून खाली उतरतो आणि आपण घड्याळाकडे बघत बसतो. दोन तास हाताशी ठेवून निघा. विमानाने दीड तासाच्या आत पोहोचता येतं. विमानतळ डबोकला, शहरापासून वीसेक किलोमीटरवर आहे.

मुक्काम जुन्या शहरात, जगदीश मंदिराच्या आसपास किंवा पलीकडे हनुमान घाटाच्या बाजूला करावा. आमच्या लॉजने ‘लेक व्ह्यू’ म्हणून जी खोली दिली, तिच्या खिडकीतून समोरच्या गच्चीवरची पाण्याची टाकी छान दिसायची. तळं बघायचं तर न्हाणीघरात स्टुलावर उभं राहावं लागे. पैसे भरण्याआधी त्याच खोलीच्या खिडकीतून काढलेला फोटो मागा, जाहिरातीतला नको. आणि मोठी गाडी या गल्ल्यांत शिरत नाही, तेव्हा चाकांची बॅग दगडी चढावर ओढायची तयारी ठेवा.

आता मुख्य मुद्दा, पाण्यातला पांढरा महाल. सिनेमात तिथे ऑक्टोपसी, म्हणजे नायिका, राहते आणि पुरुषांना बंदी असते. प्रत्यक्षात हा जगनिवास, महाराणा जगतसिंह दुसरे यांनी १७४६ च्या सुमारास उन्हाळ्यासाठी बांधून घेतलेला. १९६० च्या दशकात त्याचं हॉटेल झालं आणि आज तिथे राहणाऱ्यांखेरीज कोणालाही बोटीतून उतरू देत नाहीत. माझी बायको यावर जरा हिरमुसली. तेव्हा अण्णांनी ठेवणीतली माहिती काढली: आतली बरीच दृश्यं उदयपूरची नाहीतच, ती लंडनजवळच्या पाइनवूड स्टुडिओत सेट लावून घेतली आहेत. म्हणजे बाँडप्रेमापायी तिथल्या एका रात्रीचे पैसे मोजणाऱ्याला आतून जे दिसतं, ते बऱ्याच अंशी सिनेमात नाही. सिनेमातलं उदयपूर हे बाहेरून बघायचं उदयपूर आहे, आणि बाहेरून बघायला फार पैसे लागत नाहीत.

त्यासाठी सगळ्यात चांगली जागा अंबराई घाट. गणगौर घाटावरून पादचारी पूल ओलांडून गेलं की दहा-पंधरा मिनिटांत तिथे पोहोचता येतं. समोर सिटी पॅलेसची भिंत आणि उजव्या हाताला पाण्यात जगनिवास. संध्याकाळी लग्नाआधीचे फोटो काढणाऱ्या जोडप्यांची इतकी गर्दी होते की कठड्याजवळ जागा मिळत नाही. सकाळी सातच्या आधी जा. त्या वेळी घाटावर धुणं धुणाऱ्या बायका आणि कबुतरं, एवढंच असतं. सासूबाई पायरीवर बसल्या त्या उठेचनात.

बोट दोन ठिकाणांहून मिळते. सिटी पॅलेसच्या आवारातल्या रामेश्वर घाटावरची बोट जगमंदिर बेटावर उतरवते, पण महाग पडते. दूध तलाईजवळची बोट नुसती फेरी मारून आणते, तीही जगनिवासाच्या बऱ्यापैकी जवळून. फक्त बाँडसाठी आला असाल तर दूध तलाई पुरे. जगमंदिराची गोष्ट निराळी. बापाविरुद्ध बंड केलेल्या शहाजहानला, तो खुर्रम होता तेव्हा, मेवाडच्या राण्याने तिथे आसरा दिला होता. इतिहासाची आवड असेल तर त्यासाठी जास्तीचे पैसे मोजावेत. नकली मगरीत लपून बाँड महालाकडे पोहत जातो, तो भाग आठवून लेकीने नावाड्याला विचारलं, इथे मगरी आहेत का. ‘हैं ना,’ तो म्हणाला, आणि पाण्यात सोडलेला हात तिने झटकन वर घेतला.

बाँड सिनेमात उतरतो ते शिवनिवास सिटी पॅलेसच्या आवारातच आहे, तेही आता हॉटेल. संग्रहालयाच्या तिकिटावर तिथे शिरता येत नाही, जेवायला किंवा चहाला जायचं असेल तर आधी फोन करून विचारा. संग्रहालयाला मात्र सकाळचे दोन-तीन तास द्या. आतले जिने अरुंद आणि उंच पायऱ्यांचे आहेत आणि एकदा पुढे गेलं की मागे फिरता येत नाही. गुडघे दुखणाऱ्यांना आधीच सांगून ठेवा.

सिनेमातल्या रिक्षाच्या पाठलागाच्या गल्ल्या शोधायला वेगळं कुठे जावं लागत नाही. जगदीश मंदिराच्या उतारावर उभं राहिलं तरी कळतं की कॅमेरा असल्याच रस्त्यांतून पळाला असणार. मीटरची सवय इथे सोडा आणि बसायच्या आधी भाडं ठरवा. एक सांगतो, लेकीबरोबर हा भाग बघताना मला अवघडल्यासारखं झालं. निखाऱ्यांवर चालणारा, तलवार गिळणारा, खिळ्यांच्या पलंगावर निजलेला, असा सगळा बाजार एकाच रस्त्यावर मांडला आहे. बाँड जिंकलेल्या नोटा हाताखालच्या माणसाला देतो आणि आता काही आठवडे तुमच्या करीची सोय झाली, असा विनोद करतो. त्यातच पडद्यावर ताजमहाल दिसतो आणि क्षणात पिछोल्यातली होडी येते, जणू आग्रा म्हणजे उदयपूरचं उपनगर. अण्णा नातीला म्हणाले, ‘अगं, तेव्हा आम्ही फक्त कबीर बेदीकडे बघत होतो.’ त्या काळी आपला माणूस बाँडशी विमानाच्या पाठीवर मारामारी करतो, याचंच मोठं अप्रूप होतं.

सहलीचा सगळ्यात चांगला भाग सज्जनगड, साताऱ्याचा नव्हे, उदयपूरचा. सिनेमात तो खलनायक कमल खानचा महाल. बाँडला तिथे डांबतात, तिथूनच तो निसटतो आणि शेवटी सर्कशीतल्या मुली त्यावरच हल्ला चढवतात. महाराणा सज्जनसिंहांनी १८८४ मध्ये डोंगरमाथ्यावर हे बांधकाम काढलं, पावसाळी ढग बघण्यासाठी. त्याच वर्षी ते ऐन पंचविशीत गेले आणि आधी योजला होता तेवढा उंच महाल काही झाला नाही. जेवढा आहे तो पुढचे महाराणा फतहसिंहांनी पुरा केला. आत बघण्यासारखं फारसं नाही. बघायचं ते झरोक्यातून बाहेर: एकीकडे अरवलीच्या डोंगररांगा आणि दुसरीकडे खाली अख्खा पिछोला, त्यात खडूच्या तुकड्याएवढा जगनिवास. खलनायकाचं घर आणि नायिकेचं घर एकाच नजरेच्या टप्प्यात आहेत, हे सिनेमा बघून कळत नाही. इथे उभं राहिल्यावर ही जागा का निवडली असेल ते उमगतं.

अण्णांनी फोनवर सिनेमा थांबवून ठेवला होता. ते एकेक कमान ताडून बघत होते, मूठभर उंचीचा फोन डोळ्यांसमोर धरून, एक डोळा मिटून. शेवटी न राहवून त्यांनी पहारेकऱ्याला विचारलं, ‘यहाँ गोबिंदा कहाँ खडा था?’ गोबिंदा म्हणजे कबीर बेदीचं सिनेमातलं नाव. पहारेकरी जरा विचारात पडला. ‘गोविंदा? हाँ साब, उनकी भी शूटिंग हुई होगी.’

सज्जनगड अभयारण्याच्या हद्दीत आहे. पायथ्याच्या फाटकावर तिकीट काढावं लागतं आणि वर जाण्याच्या जीपचे पैसे वेगळे. सुटे पैसे जवळ ठेवा. सूर्यास्ताला सगळं उदयपूर वर लोटतं आणि उतरताना जीपसाठी रांग लागते. तासभर आधी वर जा आणि सूर्य बुडायची वाट न बघता दहा मिनिटं आधी खाली निघा. वरून रंग तेवढेच दिसतात आणि रांग वाचते. खाण्याच्या पिशव्या हातात धरू नका, माकडं टपलेली असतात. वर वारा सुटतो, म्हाताऱ्या माणसांसाठी एखादी शाल घ्या.

कधी जावं? ऑगस्टअखेरपासून फेब्रुवारीपर्यंत. ठाण्यातल्या माणसाला तळ्याचं कौतुक मुळात कमी, त्यात ते आटलेलं असेल तर विचारायलाच नको. पाऊस सलग दगा देतो तेव्हा पिछोला तळ दाखवतो. या शतकाच्या सुरुवातीला तसं झालं होतं. म्हणून उन्हाळ्यात जाणार असाल तर पाण्याची चौकशी करूनच बोटीचे बेत आखा. जुन्या शहरातल्या गच्चीवरच्या खाणावळींत पूर्वी रोज संध्याकाळी ‘ऑक्टोपसी’ लावत. आता ही चाल ओसरत चालली आहे. आम्ही जेवायला गेलो तिथे लेकीने विचारलं, तेव्हा मालकाने हौसेने लावून दिला. मागितल्याशिवाय मिळत नाही. आणि एक दिवस शिल्लक असेल तर तो उदयपुरात रेंगाळण्यात घालवू नका. चित्तोडगड सव्वाशे किलोमीटरच्या आत आहे, सकाळी बसने निघालं तर संध्याकाळी परत येता येतं.